आठ पायांचा घोडा

मला चौथीपस्तोरच शाळा. जोडाक्षर आलं की बोट ठेवून थांबायचं, दम घ्यायचा, मंग पुढं जायचं. अजूनबी तसंच वाचते. धाकट्या लेकीनं ही वही आणून दिली, म्हणली, आई, मिलिंददादाचं निघालं की तू अर्ध्यात उठून चुलीकडं जातीस, एकदा बसून लिहून काढ. आता घरात चूल न्हाई, गॅस हाय, उठून जायला जागाच राहिली न्हाई. म्हणून लिहून राहिले.

मिलिंद मपलं पहिलं लेकरू. माहेरी झाला, नायगावच्या अंगाला, माझ्या मायच्या घरी. सव्वा महिन्यानं ह्यांनी मला सासरी आणून सोडलं अन् आपण हैद्राबादला बिल्डिंगच्या कामावर गेले, कारण इकडं पावसानं तोंड फिरवलेलं, रानात करायला काही राहिलंच न्हवतं. सासरचं घर दोन खोल्यांचं, वर पत्रे, मन्याड नदीच्या काठाला. घरात मामा म्हंजे सासरे, आत्याबाई म्हंजे सासू, मी, लेकरू अन् एक शेळी. नदी नुसती नावाला. वाळूत हातभर खांदलं की तळाला झिरा लागायचा, त्यात वाटी घालायची, भरायची, घागरीत ओतायची, परत घालायची. त्या वाटीचा वाळूवर खर्रर्र आवाज व्हायचा. दिवस उजाडायच्या आधीपासून सगळ्या नदीभर तेवढाच आवाज, खर्रर्र, खर्रर्र, जशी काही सगळी वस्ती मिळून एक मोठं भांडं खरवडून राहिली. अजून सूनबाई कढई खरवडायला लागली की मी म्हणते, भिजू घाल गं आधी. ती म्हणती, आईला आवाज सहन व्हत न्हाई. व्हत न्हाईच.

खायला हुलग्याचं माडगं. हुलगे भाजायचे, भरडायचे, पाण्यात शिजवायचे, गूळ असला तर गूळ, न्हाईतर मीठ. पाणी कमी म्हणून माडगं घट्ट व्हायचं, अन् घट्ट झालं की मामा हसून म्हणायचे, "पोरी, हे प्यावं का चावावं?" आत्याबाई म्हणायच्या, "गिळावं अन् गप बसावं."

त्याच दिसांत आमचा जिल्हा बदलला. आधी उस्मानाबादचे, मंग एक दिवस कळलं आता लातूरचे. नदीच्या पल्याड मात्र नांदेड, ते व्हतं तिथंच. पुलाच्या दोन्ही तोंडाला नव्या पाट्या लागल्या, पिवळ्या, रंगाचा वास येणाऱ्या. तलावाच्या कामावर माझ्या शेजारी खडी फोडणारी गयाबाई पाटी बघून आली अन् म्हणली, "जिल्हा नवा आणला बाई सरकारनं. संगं घागरभर पाणी आणलं असतं तर काय हात मोडले असते?" बाया हसल्या. आम्ही हसायचो लई तव्हा. हसायला पाणी लागत न्हाई.

आता मामांचं सांगते. मामा तालुक्याच्या शाळेत शिपाई व्हते, रिटायर झालेले. दीक्षा घेतलेल्या पहिल्या माणसांतले. भिंतीवर चौकटीत बावीस प्रतिज्ञा लावलेल्या, अन् त्या बाबतीत मामा लोखंडावाणी. राम न्हाई, किस्न न्हाई, गौरी-गणपती न्हाई, मरीआई न्हाई, अंगारा न्हाई, धुपारा न्हाई. माझ्या मायच्या घरीबी दीक्षा घेतलेली, पण मायनं उतरंडीच्या खालच्या मडक्यात मरीआईचा टाक दडवून ठेवलेला. लेकराला बरं नसलं की ती मडक्याच्या कानाशी बोलायची, मी बारीक असताना बघितलेलं. सासरी आले तव्हा मडकी सगळी हलवून बघितली म्या. एकातबी कुणी न्हवतं. ज्वारी न्हवती तिथं देव कुठला. तव्हा मी एकोणीस-वीस वर्षाची, नवरा मुलखापल्याड, लेकरू दूध पितंय पण अंगावर दूध पुरत न्हाई, अन् बोलायला मडकंसुद्धा न्हाई. लई भ्या वाटायचं. कशाचं ते सांगता यायचं न्हाई. टँकरचा भोंगा वाजला तरी मी लेकरू उचलून घ्यायची.

मामांना शाळेनं जाताना रद्दीतली पुस्तकं दिली व्हती, एक पेटीभर. त्यात एक बिनपुठ्ठ्याचं, उत्तरंकडल्या बर्फाच्या मुलखातल्या जुन्या लोकांच्या देवांच्या गोष्टींचं. सांजच्याला मी भाकरी टाकायला बसले की मामा उंबऱ्यात बसून ते वाचायचे. आत्याबाई पहिल्या दिवशीच म्हणल्या, "देवाच्या गोष्टी? तुमच्या प्रतिज्ञा कुठं गेल्या मंग?"

मामा म्हणले, "बघ की चौकटीत. ह्यांची नावं हायत का? न्हाईत. हे आपले देवच न्हाईत, तर सोडायचं काय अन् धरायचं काय? गोष्ट हाय. ऐकायची, सोडून द्यायची."

ती गोष्ट म्हंजे अशी, की एक जंगी झाड, आभाळाएवढं, त्याच्या फांद्या-मुळ्यांवर नऊ जगं. देवांचं एक, माणसांचं एक, राक्षसांचं, मेलेल्यांचं, असं. एका जगातनं दुसऱ्यात जायला वाटा हायत, आभाळातल्या रंगीत कमानीचा पूल हाय, अन् पाखराची पिसं पांघरून देव उडत जातेत. एक खार त्या झाडावर दिवसभर वरखाली पळती, वरच्याच्या शिव्या खालच्याला सांगती अन् खालच्याच्या वरच्याला. आत्याबाई पीठ मळता मळता म्हणल्या, "ती आपली गयाबाई." मामा खोकला लागेपस्तोर हसले. अन् देवांच्या म्हाताऱ्याचा एक घोडा, आठ पायांचा, त्याला कोणतं जग वर्ज्य न्हाई, तो मेलेल्यांच्या मुलखातबी जाऊन परत येतो. आठ पाय कसे वो मामा, म्या इचारलं. मामा म्हणले, "लांब जायचं असतं पोरी."

ज्या दिवशी सांजला आठ महिन्यांच्या मिलिंदाला हगवण लागली त्याच सांजला मामांनी त्या मायची गोष्ट वाचली. मी लेकराला मांडीवर घेऊन भाकर थापून राहिले व्हते, एका हातानं. सगळ्या देवांची मोठी बाई, फ्रिग तिचं नाव. तिचा लेक मेला, सगळ्यांत देखणा, सगळ्यांचा लाडका. तिनं सांगितलं, जो कोण मेलेल्यांच्या मुलखात जाऊन माझ्या लेकराला मागून आणील तो माझा. मंग एक जण त्या आठ पायांच्या घोड्यावर बसला. अंधाऱ्या दऱ्यांतनं गेला, नदीवर पूल आला, पुलावर एक पोरगी राखणीला. ती म्हणती, काल मेलेल्यांच्या टोळ्या गेल्या तरी पूल एवढा वाजला न्हाई, तू एकला असून केवढा वाजतोस, तुझ्या तोंडावर मेलेल्याचा रंगच न्हाई. तो गेला आत. तिथली मालकीण म्हणली, घेऊन जा, पण एक शर्त. जगातल्या झाडून सगळ्यांनी त्याच्यासाठी रडायला पायजे. माणसं, जनावरं, झाडं, दगडं. सगळी रडली तर लेकरू परत. एक जरी न्हाई रडलं, तर न्हाई.

अन् मामा थांबले.

"मंग?" म्या इचारलं.

मामांनी पान उलटलं, माझ्याकडं बघितलं, मांडीवरच्या लेकराकडं बघितलं. "मंग काय. पुढची पानं वाळवीनं खाल्ली," म्हणले अन् पुस्तक मिटलं.

त्या सांजला माझ्या मनात ती बाई बसली. चौकटीत तिचं नाव न्हाई, म्हंजे बंदी न्हाई. अन् ती मायच हाय. मी तिला मनातल्या मनात फिरगाई म्हणायला लागले, मरीआईसारखं. आता कुणी हसंल. खुशाल हसावं. पण ज्याचे सगळे देव काढून घेतलेत अन् पाणीबी न्हाई त्याला बर्फाच्या मुलखातला देव जवळचा वाटतो, एवढं मला मालूम हाय.

सकाळपस्तोर लेकराला धा येळा झालं, दोनदा वकलं. आत्याबाईंनी सांगितलं, "पाणी दिऊ नको बिलकुल. वरनं घालशील ते खालनं जाईल. दूधबी कमी पाज. आतडं सुकू दे, आपूआप थांबंल." त्यांनी त्यांची पाच लेकरं अशीच वाढवली, म्हंजे त्यांतली दोन वाढली. कुणीच त्यांना दुसरं सांगितलं न्हवतं अन् मलाबी न्हाई. लेकरू झिऱ्याच्या घागरीकडं हात करायचं. म्या घागरीवर ताट झाकलं अन् ताटावर दगड ठेवला.

मामा काठी घेऊन उठले. "कसं हाय गं लेकरू? दवाखान्यात न्यायचं का? दुपारच्या आधी एक गाडी हाय पल्याडच्या फाट्यावरनं."

अन् म्या म्हणलं, "बरं हाय मामा. थांबलंय."

हे एवढं वाक्य लिहायला मला दोन दिस लागले. बरं न्हवतं. थांबलं न्हवतं. पण मामा लेकराला घेऊन दवाखान्यात गेले असते तर मला संगं जावं लागलं असतं, अन् मंग सगळ्यांना रडवायचं कोण? म्या ठरवलं व्हतं, आधी रडून घ्यायचं. तिनं लेकरू मेल्यावर मागितलं, मी ते मरायच्या आधीच मागून ठेवते, एवढी माझी अक्कल.

लेकरू पाठीला बांधलं अन् निघाले. शेळीच्या डोळ्यांच्या कोपऱ्यात पाण्याची रेघ व्हतीच, ती रडण्यात धरली. लिंबाच्या खोडाला डिंक आलेला, तो बोट लावून बघितला, धरला. रांजणाच्या बुडाला वल व्हती, रांजण रडला. चौकातल्या दुकानाच्या शेटीनकाकूकडं गेले. गळ्यात लिंग, कपाळाला भस्माचे पट्टे, उधार न्हाई म्हणायला लागल्या मला बघूनच.

"उधार नको काकू. माझ्या लेकरासाठी थोडं रडता का?"

"काय बाई अवदसा! दुकानाच्या तोंडाला सकाळी सकाळी कुणी रडतंय का?" म्हणल्या. मंग पाठीवरचं तोंड बघितलं त्यांनी. त्यांचंबी एक गेलेलं, मला ठाऊक न्हवतं. तराजू खाली ठेवला, पदर तोंडाला लावला अन् आत गेल्या. जाताना गुळाचा खडा ठेवून गेल्या पाटावर.

तलावाच्या कामावर गेले तव्हा ऊन चढलेलं. सगळीकडं ठक ठक, ठक ठक. मी मधोमध उभी राहिले अन् म्हणलं, "बायांनो, मिलिंदासाठी रडा गं जरा."

हातोडे थांबले. गयाबाई म्हणली, "अगं येडे, रडायला अंगात पाणी तर पायजे! टँकर येऊन चार दिस झाले. घाम येईना, रडू कुठनं आणू?"

"जरासंच. एक थेंब."

"कुणाच्या नावानं?"

म्या न्हाई सांगितलं. गयाबाईनं माझ्याकडं एकटक बघितलं, हातोडा टाकला अन् ह्याऽऽ करून असा गळा काढला की मुकादम धावत आला. "कोण मेलं? कोण मेलं?"

"तुमचा जिल्हा मेला," गयाबाई रडता रडता म्हणली, अन् बाया रडत रडत हसल्या अन् हसत हसत रडल्या. ज्याची त्याची रडायची येळ आलेलीच व्हती, मी नुसतं दार उघडलं. कुणी गावी ठेवलेल्या लेकरासाठी, कुणी इकलेल्या बैलासाठी. मुकादम हजेरी कापतो म्हणला अन् डोळ्यात खडी गेली म्हणून रुमाल काढला. म्या तोबी धरला. नुकता फोडलेला एक दगड उचलला, आतनं गार व्हता, वलसर. दगडबी रडला. मला काय आनंद झाला सांगू. एवढा आनंद मला लग्नातबी न्हवता झाला. सगळे झाले, फिरगाई, सगळे झाले, म्हणले अन् लेकरू पाठीवरनं सोडून पुढं घेतलं, त्याला सांगायला.

लेकरू रडून राहिलं व्हतं. तोंड वाकडं, हनुवटी थरथर, आवाज मांजराच्या पिल्लावाणी. पण डोळे कोरडे. रडतंय अन् डोळ्यात थेंब न्हाई. म्या पापणीखाली बोट लावलं. खालची कड चुन्यासारखी कोरडी, डोळे खोल गेलेले, टाळू आत बसलेली.

सगळं जग रडलं अन् ज्याच्यासाठी रडायचं त्यानंच न्हाई म्हणलं. असंच वाटलं मला तव्हा. दुसरं काही मालूमच न्हवतं तर काय वाटणार.

घराकडं पळाले. मामांनी बघितलं. लेकरू माझ्या हातातनं घेतलं, पायात चप्पल न्हाई, तसेच निघाले. मी मागं. फाट्यावर बस येती ती नांदेडला जाती, फाटा पल्याड. पूल तापलेला, मामांचे पाय फट फट फट वाजत व्हते डांबरावर. लातूरची पाटी गेली, नांदेडची पाटी आली. बस गेलेली व्हती. फाट्याजवळ एक नर्सबाई राहायच्या, त्यांच्या ओट्यावर मामांनी लेकरू ठेवलं.

नर्सबाईंनी पोटाचं कातडं चिमटीत धरून सोडलं. ते तसंच उभं राहिलं, मळलेल्या कणकेवाणी. "रडताना डोळ्यातनं पाणी कव्हापासून न्हाई?" म्हणल्या. "पाणी काहून दिलं न्हाई गं पोरी? लेकरू वाळून गेलंय. मीठ-साखरेचं पाणी चमच्या चमच्यानं पाजत राहिलं असतं तर..." अन् त्या पळतच आत गेल्या, पातेलं आणलं. म्या पहिला चमचा त्याच्या तोंडात घातला. गिळला त्यानं. माझ्याकडं बघितलं. दुसरा गिळला. तिसरा तोंडाच्या कडंनं बाहेर आला, अन् चौथाबी.

मामा ओट्याच्या खाली उभे. म्हणले, "सकाळी म्या इचारलं व्हतं तुला." रागं भरून न्हाई म्हणले. नुसतं म्हणले. त्यानंतर जलमभर त्यांनी ते कव्हाच काढलं न्हाई, अन् म्या कव्हाच त्यांना सांगितलं न्हाई की खोटं काहून बोलले.

परत येताना लेकरू मामांच्याच हातावर. पूल वाजला न्हाई. तेच पाय, तेच डांबर, पण म्या कान देऊन ऐकलं, वाजला न्हाई. नदीच्या काठाला पुरलं. नंतर ग्रामसेवक म्हणला, जलम नायगावकडचा, मयत पल्याडची, दोन्ही नोंदी नांदेडला व्हतील, आपल्याकडं काही न्हाई. म्हंजे नव्या जिल्ह्याच्या कागदात माझं लेकरू आलंबी न्हाई अन् गेलंबी न्हाई. जगलं तेवढं ह्या अंगाला, अन् त्याचा कागद नसतो.

मामांनी ते पुस्तक पुन्हा काढलं न्हाई. लई वर्सांनी मामा गेले, म्हातारे व्हऊन. चौघांनी तिरडी खांद्यावर घेतली, अन् मी दारात उभी राहून मागनं बघत व्हते, तर मला नुसते पाय दिसले. पुढं चार, मागं चार. आठ पाय. मामांना त्यांचा घोडा मिळाला. मिलिंदाला दोनच पायांचा व्हता, अनवाणी, अन् तेच पाय ह्या घोड्यावर आता आडवे.

पंधरा दिसांनी पेटी उघडली. पुस्तक तळाला. वाळवीनं एक अक्षर खाल्लेलं न्हवतं. पानं सगळी हायत, धडधाकट. मी उंबऱ्यात बसले, मामा बसायचे तिथं, अन् बोट ठेवून वाचलं. दुपार गेली त्यात.

देवांनी चहूकडं माणसं धाडली. सगळे रडले. माणसं रडली, जनावरं रडली, झाडं, दगडं, लोखंडसुद्धा. मंग एका गुहेत एक म्हातारी भेटली. तिला म्हणले, रड. ती म्हणली, माझ्याकडं कोरडी आसवं हायत, तेवढीच देते. झालं. त्या मायचं लेकरू आलं न्हाई. पुढं पुस्तकात लिवलंय की ती म्हातारी म्हंजे एक कपटी देव, सोंग घेऊन बसलेला, सगळ्यांचा घात करायला.

असंल. लिहिणाराला जास्त मालूम. मामांनी ते पान मिटलं ते माझ्यासाठीच मिटलं, हेबी मला कळलं, अन् पुरं वाचलं असतं तर मी दुसऱ्या दिवशी त्या फेरीला निघाले असते का, हे मातर कळलं न्हाई.

पण ती म्हातारी माझ्या मनातनं जात न्हाई. कोरडं रडणं मी बघितलंय, हातावर घेऊन बघितलंय. तो नकार नसतो. एवढे देव गेले तिच्याकडं, लांबून गेले, सगळी जगं वलांडून गेले, रड म्हणले, अन् न्हाई रडली म्हणून तिला कपटी म्हणून आले. त्यांतल्या एकानंबी तिला इचारलं न्हाई की बाई, तू पाणी कव्हा पेलीस?